खूण दाखवा, फोटो न्या

बाईंनी मला तीन वर्षांत एकदाही चेहऱ्यावरून ओळखलं नाही, आणि मी त्यांच्याच घरात, त्यांच्या डोक्यावरच्या खोलीत राहत होते. माझा जिना थेट त्यांच्या फोटो स्टुडिओत उतरायचा. सकाळी मी शाळेला निघाले की काउंटरमागून बाई मान वर करायच्या आणि विचारायच्या, "पासपोर्ट का स्टॅम्प साइज?"

"बाई, मी वर राहते."

"हो ना बाप्पा. आवाज ऐकला का समजते मले. आधी बोलत जा ना, मॅडम."

मग मी जिन्यावरूनच घोषणा करत उतरू लागले, 'मी मास्तरीण, मी मास्तरीण'. शेजारच्या सायकलवाल्याला बरेच दिवस वाटत होतं की माझ्या डोक्यावर काही परिणाम झाला आहे.

बल्लारपुरातली निम्मी तोंडं बाईंच्या कॅमेऱ्यातून गेली असतील. शाळेचं ओळखपत्र, बसचा पास, बँकेचं खातं, सगळ्यांना लागणारे फोटो तिथेच निघायचे. आणि काढणारीला एकही तोंड लक्षात राहत नसे. गिऱ्हाईक फोटो न्यायला आलं की त्या दिवसभराचे सगळे फोटो काउंटरवर पत्त्यांसारखे मांडायच्या आणि म्हणायच्या, "तुमचा कोनता असन तो उचला." एकदा एका मावशीनं दुसरीच बाई जास्त चांगली आली म्हणून तिचा फोटो उचलला. तो तिच्या पासबुकावर लागला, आणि अजूनही बँकेत कोणाला शंका आलेली नाही.

साडीवर नवऱ्याचा जुना खाकी शर्ट, केस कानापर्यंत कापलेले, चष्म्याला एका बाजूनं बांधलेली सुतळी. फिल्मच्या काळातले धुलाईचे पसरट ट्रे त्यांनी टाकले नव्हते. उन्हाळ्यात त्यांत आंब्याच्या फोडी वाळायच्या. तोंडाच्या फोटोवर त्या कॉम्प्युटरवर वाट्टेल ते करायच्या. सावळ्याला गोरं, टकल्याला केस, एकदा तर एका चिडक्या कारकुनाला हसूही लावून दिलं. मी टोकलं तर म्हणाल्या, "तोंड लोकाइचं असते, मॅडम. त्याइले पाह्याचं असते. त्याइले पायजे तसं करून द्याचं."

हे ऐकून हसायला यायचं. पण त्या वाक्याला दुसरा भाग होता, आणि तो मागच्या खोलीतल्या लोखंडी पेटीत होता. त्या पेटीपायी एका मे महिन्याच्या दुपारी मला माझ्याच हातानं लिहिलेला कागद न् कागद चुलीत घालावा लागला.

सुरुवात फॉर्मवरच्या एका रकान्यापासून झाली, असं बाई सांगत. 'शरीरावरील ओळखीची खूण.' तिथं लोक काहीही लिहितात. मी स्वतः शाळेत दरवर्षी मुलांच्या नावापुढं 'उजव्या गालावर तीळ' लिहीत आले आहे. हजेरीपटावरचे सगळे तीळ खरे असते तर आमच्या मुलांना चेहरे कमी पडले असते. बाईंना ह्याचा मनापासून राग होता. "फोटो खरा चिपकवते, अन् खरी गोष्ट खोटी लिहिते," त्या म्हणत. म्हणून पासपोर्ट फोटो झाला की त्या प्रत्येकाला विचारत, "खूण कुठी हाय तुमची?" पुरुष हसत किंवा चिडत. बायका काही बोलत नसत. मात्र त्यांच्यातली एखादी चार-आठ दिवसांनी, दुकान रिकामं असण्याच्या वेळेला, परत येई.

मग बाई शटर अर्धं ओढत. मागच्या खोलीला उत्तरेची खिडकी होती, तिच्यावर पांढरं धोतर ताणून बांधलेलं. त्या उजेडात त्या एकच फोटो काढत. खांदा, पोट, पाठ, मांडी, जिथं खूण असेल तेवढंच. तोंड चौकटीच्या बाहेर. त्यावर कॉम्प्युटरचा हात फिरवायचा नाही. फोटो तिथल्या तिथं छापायचा आणि कॅमेऱ्यातला पुसायचा. पुसण्याचं बटण बाई स्वतः दाबत नसत. म्हणत, "तूच दाब. उद्या मनात नको याले."

फोटो कोऱ्या पाकिटात जाई, पाकिटावर नाव नाही, नंबर नाही. आणि पाकीट पेटीत राही. घरी कुठं नेणार? "तांदळाच्या डब्यात ठेवशीन," बाई म्हणत, "अन् सासू नेमका तोच डबा काढन." ज्याला आपला फोटो पाहावासा वाटेल त्यानं यावं, स्टुलावर बसावं, पाहावा, परत द्यावा, न्यायचा असला तर न्यावा. अट एकच. आधी खूण दाखवायची. नवरा आला, भाऊ आला, चिठ्ठी आणली, फोन लावून दिला, काही चालत नसे. "तोंडावरून मी कोनाले देत नाई," त्या म्हणत. "खूण दाखवा, फोटो न्या."

ह्या हट्टामागचं कारण त्यांनी मला एकदाच सांगितलं, आंब्याच्या फोडी उलटवता उलटवता. नवरा रेल्वेखाली गेला तेव्हा त्यांना चंद्रपूरला ओळख पटवायला नेलं होतं. तोंडाला फारसं काही झालं नव्हतं. सासरची माणसं बाजूला उभी होती. बाई त्या तोंडाकडं पाहत राहिल्या आणि त्यांना सांगता येईना. मग त्यांनी पायावरची चादर बाजूला केली. करंगळी शेजारच्या बोटावर चढलेली होती. "तवा म्हटलं, हा माह्याच आहे." सासरचे ती गोष्ट कधी विसरले नाहीत. बायकोला नवऱ्याचं तोंड ओळखू येत नाही, हिचं मन कुठं होतं, असं ते बोलत राहिले. बाईंना त्याचं दुःख होतं की नाही हे मला कळलं नाही. त्या म्हणाल्या, "तोंडानं तो माह्याशी कमी अन् लोकाइशी जास्त बोलला."

आता माझं. मी नागपूरहून बदली मागून घेऊन बल्लारपूरला आले, कारण तिथं मला कोणी ओळखत नव्हतं. त्याच्या आदल्या वर्षी माझा डावा स्तन काढला होता. आईनं नातेवाइकांना अपेंडिक्स सांगितलं. मी ब्लाउजमध्ये कापसाची गादी शिवून घेतली आणि आंघोळ करताना भिंतीवरच्या टाइल्स मोजायची सवय लावून घेतली. शाळेच्या ओळखपत्राच्या फोटोसाठी बाईंसमोर बसले तर त्या म्हणाल्या, "डावा खांदा वर घ्या."

"वर जात नाही."

"जाते. तुमी झाकून राह्यल्या, म्हनून जात नाई."

मला इतका राग आला की आठवडाभर मी 'मी मास्तरीण' न म्हणता उतरले आणि रोज 'पासपोर्ट का स्टॅम्प' ऐकून घेतलं. मागच्या खोलीत जायला मला आठ महिने लागले. गेले तो दिवस पावसाळ्यातला होता, आभाळ भरलेलं, पेपर मिलचा वास जमिनीलगत बसलेला. बाईंनी खिडकीकडं पाहिलं आणि म्हणाल्या, "उजेड कमी हाय. थांबू." मी पदर गुंडाळून स्टुलावर बसले होते. तासभर आम्ही दोघी ढग हलण्याची वाट पाहत होतो. ढग हलले नाहीत. शेवटी त्यांनी तसाच काढला. "श्वास सोडा," म्हणाल्या. "पोट आत घेऊ नका, पोटाचा नाई काढून राह्यली."

छापलेला फोटो हातात आला तेव्हा मला वाटलं होतं की रडू येईल. आलं नाही. एक सपाट जागा होती, तिच्यावर काखेपर्यंत गेलेली तिरकी शिवण. ती मी त्या दिवशी पहिल्यांदा पाहिली. मला माझाच राग आला की वर्षभर मी हिच्याकडं पाठ फिरवून आंघोळ केली. त्यानंतर दोन-तीन महिन्यांनी एकदा तरी मी तो फोटो पाहायला जाई, आणि दर वेळी बाई अट घालत. मी म्हणे, "बाई, आत्ताच तर तुमच्या ताटात जेवले." त्या म्हणत, "जेवल्या असान. खूण दाखवा." दाखवली की चष्मा सावरून पाहत, मान हलवत, आणि एकाही पाकिटात चुकून हात न घालता माझं काढून देत.

बाई विसरू लागल्या आहेत हे बरेच दिवस कोणाला कळलं नाही. ज्या बाईला मुळात कोणाचं तोंड आठवत नाही, तिचं विसरणं लक्षात येणार कसं? ते कळलं ते आमच्या गल्लीतल्या ब्लाउज शिवणाऱ्या बाईमुळं. तिच्या मांडीवर एक नाव गोंदलेलं आहे. सतराव्या वर्षी जत्रेत गोंदून घेतलेलं, आणि ते तिच्या नवऱ्याचं नाही. नवऱ्याला ती 'आजीचं नाव' म्हणून सांगत आली. बिचाऱ्याला वाचता येत नाही. एका दुपारी ती आपला फोटो पाहायला आली, खूण दाखवली. बाई बराच वेळ पाहत राहिल्या आणि म्हणाल्या, "हे मी कधी पाह्यलं नाई." शिवणारीला गंमत वाटली. मी जिन्यात होते. मला गंमत वाटली नाही.

आणि मग मी ती गोष्ट केली जी फक्त मास्तरीणच करू शकते. मी यादी केली. बाईंचे चांगले दिवस असत, त्या दिवशी मी एकेक पाकीट काढून विचारी, ही कोण? त्या फोटो आपल्याकडं वळवून धरत आणि मला न दाखवता सांगत, ही खाणीतल्या फिटरची बायको, ही अंगणवाडीतली, हा माह्या पुतन्या. हो, थोडे पुरुषही होते. मी पाकिटाच्या मागं पेन्सिलीनं नाव लिही. बाईंना वाटे मी वह्या तपासते आहे. पंधरा दिवसांत बासष्ट पाकिटं झाली. मी ती अ पासून ज्ञ पर्यंत लावली आणि त्या रात्री मला शांत झोप लागली. उद्या बाईंना काही आठवलं नाही तर ज्याचं त्याला देता येईल, असं माझं गणित होतं.

आठ दिवसांनी बाईंनी पेटी उघडली.

"हे कोनं केलं?"

"मी. तुम्ही विसराल म्हणून."

त्या माझ्यावर कधी ओरडल्या नव्हत्या, तेव्हाही ओरडल्या नाहीत. म्हणाल्या, "मी विसरली तर हे फोटो कोनाचेच नाई राहत, मॅडम. नुसते डाग, नुसते तीळ. कोनाच्या हाती गेले तरी कोनाले भेव नाई. तुमी नावं लिहून त्याइले चौकात उभं केलं." मग त्यांनी शर्टाच्या बाहीनं डोळे पुसले. "पुसून टाका," म्हणाल्या.

पुसते म्हटलं. पण मार्च होता, पेपर तपासायचे होते, मग निकाल होता. मी पुसणं पुढं ढकललं. बाई दुसऱ्या दिवशी विसरल्या, आणि ते माझ्या सोयीचं होतं. आज ही ओळ लिहितानाही मला लाज वाटते.

बाईंचा पुतण्या चंद्रपूरजवळ ऊर्जानगरला, वीजकेंद्राच्या क्वार्टरमध्ये राहायचा. माणूस वाईट नव्हता. दर रविवारी मोटरसायकलवर यायचा, बाईंसाठी औषधं आणायचा, मे महिन्यातही शर्टाचं वरचं बटण लावून बसायचा. एप्रिलमध्ये बाईंनी दोनदा गॅस उघडा ठेवला तेव्हा त्यानं सांगितलं की दुकान बंद करू आणि मोठ्या आईला, म्हणजे बाईंना, घरी नेतो. ह्यात त्याचं काही चुकत नव्हतं. मीही मान हलवली. एका बुधवारी दुपारी चारला टेम्पो येईल, असं ठरलं.

त्या बुधवारी बारा वाजता ब्लाउज शिवणारी माझ्या खोलीत आली. गळ्यात टेप तसाच होता.

"मॅडम, पुतन्या आल्ता काल माह्याकडं. पँट छोटी कराले. मापं घेताना हसून राह्यला. म्हने, बाईच्या पेटीत गावातले लय लोक हायेत, नावानिशी. मले म्हने, तुमीबी हा त्यात."

मी खाली बसले. रविवारी मी नागपूरला गेले होते, बाई आंघोळीला गेल्या असतील, तेव्हाच त्यानं पेटी उघडली असणार.

"नावं कोनं लिहिली, मॅडम? बाई तर लिहीत नव्हत्या."

"मी."

मला वाटलं ती मारेल, आणि मारलं असतं तर बरं वाटलं असतं. ती एवढंच म्हणाली, "माह्या नवरा मारनारा नाई. तो बोलनं सोडन. एकदा सोडलं का तो धरत नाई. मंग मी त्या घरात काय करू?"

खाली बाई पेटीवर बसल्या होत्या. पुतण्यानं ती रविवारी नेली नव्हती ती कदाचित ह्यामुळंच. त्यांना उठवून मी पहिलं पाकीट घेतलं आणि खोडरबर चालवलं. शिसं गेलं, पण अक्षर गेलं नाही. मी पेन्सिल दाबून लिहिते. उजेडात धरलं की प्रत्येक नाव कोरल्यासारखं वाचता येत होतं. पाकिटंच बदलायला हवी होती, आणि दुकानात तेवढी नव्हती. शिवणारी पळत गेली आणि मापं कापायचा खाकी कागद घेऊन आली. ती कापे, मी दुमडे, कणकेच्या खळीनं चिकटवी. फोटो उलटा करूनच सरकवायचा, कोणी कोणाचा पाहायचा नाही, हे आम्ही न बोलताच पाळलं. रिकामी झालेली नावं अंगणातल्या चुलीत जात होती. त्या उन्हात चुलीजवळ उभं राहवत नव्हतं. शटरबाहेर प्रत्येक मोटरसायकलचा आवाज आला की शिवणारीची कात्री थांबे.

'व' आला तेव्हा ती माझ्या हातातलं पाकीट वाचायला वाकली. पुतण्याचं होतं.

"हे बाहेर ठेवा, मॅडम," ती म्हणाली. "चुलीत टाकू नका. त्यानं तोंड उघडलं का आपनही उघडू."

मी पाकीट बाजूला ठेवलं. खरं सांगते, ठेवलं. तिच्यासाठी ठेवलं असं म्हणता येईल, पण त्या पेटीत माझंही होतं, आणि शाळेतल्या स्टाफरूममध्ये माझ्या फोटोबद्दल कुजबुज चालली आहे हे मला डोळ्यासमोर दिसत होतं. आतलं न पाहता मी ते पदराखाली घेतलं.

"त्याचंबी नाव काढ," कोपऱ्यातून बाई म्हणाल्या. आम्हाला वाटलं होतं त्यांना काही कळत नाही. "ज्याचं आहे त्याले आहे. तो कोनी असो."

मी त्याचंही पाकीट बदललं. पण पेटीत सगळ्यांत वर ठेवलं.

टेम्पो साडेतीनलाच आला. अजून तीन-चार पाकिटं उरली होती. शिवणारीनं त्यांतले फोटो उलटेच पेटीत सरकवले आणि कागद चुलीत नेऊन जाळले. पुतण्या आत आला, त्याच्यामागं दोन हमाल. त्यानं खाकी पाकिटं पाहिली, अंगणातली राख पाहिली.

"नावं कुठी गेली, मॅडम?"

"कोणती नावं?"

"मी पाह्यलं होतं." त्यानं पेटीच्या कडीला हात घातला. "असो. पेटी टेम्पोत जाईन. घरी गेल्यावर पाहू."

"पेटी जाणार नाही," मी म्हटलं आणि झाकणावर हात ठेवला. तो माझ्यापेक्षा दुप्पट होता. त्यानं नुसतं ओढलं असतं तरी पेटी गेली असती.

"कोन हाय?" बाईंनी विचारलं.

"मी, मोठी आई. तुमचा पुतन्या."

"तोंडावरून मी कोनाले देत नाई. खूण दाखव."

"मले फोटो नाई पायजे. पेटी पायजे."

"पेटी कोनाचीच नाई. खूण दाखव, फोटो ने."

एक हमाल हसला. म्हणाला, "दाखवा ना भाऊ, काय हाय ते."

पुतण्याचा हात कडीवरून सुटला आणि गळ्याशी, लावलेल्या बटणाशी गेला. ती हालचाल मला पाठ होती. स्टाफरूममध्ये कोणी नवीन आलं की माझा हात असाच पदराकडं जातो. एक वाक्य माझ्या जिभेवर होतं, 'तुमचाही आहे, सगळ्यांत वर आहे, दाखवू का ह्यांना?' ते बोलले असते तर तो तिथंच हरला असता. पण मी एकदा बासष्ट माणसांना चौकात उभं केलं होतं. त्रेसष्टाव्यांदा तेच करवेना.

"भाऊ, तुम्ही दोघं चहा घेऊन या," मी हमालांना म्हटलं. ते गेले. मी शटर खाली ओढलं आणि पेटीतलं वरचं पाकीट हातात घेतलं. मग मी आणि शिवणारी भिंतीकडं तोंड करून उभ्या राहिलो.

कूलरमधलं पाणी तेवढं ठिबकत होतं. मग बटणांचा आवाज आला, एकेक. बाईंच्या चपला सरकल्या. त्या पाहत असाव्यात. 

"पाच," बाई म्हणाल्या.

पाच काय, ते मला अजूनही माहीत नाही. मी पाठमोरीच हात मागं नेऊन ते पाकीट दिलं. कागद उघडल्याचा आवाज आला. मग तो माझ्या पाठीशी बोलला.

"तुमी पाह्यलं काय, मॅडम?"

"नाही. उलटे करूनच ठेवले."

"कोनाचंच नाई?"

"कोणाचंच नाही."

"मी माह्या शोधून राह्यलो होतो," तो म्हणाला. "सोळाचा होतो तवा काढला होता मोठ्या आईनं. सगळ्याइवर नावं दिसली, म्हटलं माह्यावरबी असन. मोठी आई आंघोळीतून आली तवरिक अ-आ-वालेच पाहून झाले होते." मग आवाज अजून खाली गेला. "ताई, तुमच्याशी मी तसं बोलाले नाई पायजे होतं."

शिवणारी भिंतीशीच म्हणाली, "नाई पायजे होतं." माफ केलं असं ती म्हणाली नाही, आणि पँटही तिनं त्याला शेवटपर्यंत शिवून दिली नाही.

त्यानं बटणं लावली, पाकीट शर्टाच्या आत घातलं आणि शटर वर केलं. टेम्पोत कपाट गेलं, दिवे गेले, तिपाई गेली, आंब्याचे ट्रे गेले. पेटी स्टुलावर राहिली. शेवटी बाई पुढच्या सीटवर बसल्या. मी काचेशी जाऊन म्हटलं, "बाई, मी मास्तरीण." त्या म्हणाल्या, "बरं."

पेटी आता माझ्या खोलीत आहे. त्या उन्हाळ्यात मी शिवणारीच्या तोंडून निरोप पोचवले आणि दुपारी एकेक जण येऊ लागली. मी अट बदलली नाही. पहिली शिवणारीच आली. तिनं मला गोंदलेलं नाव दाखवलं, फोटो घेतला, आणि चुलीत टाकण्याआधी पाच मिनिटं पाहत बसली. कोणी फोटो घरी नेला, कोणी परत ठेवायला सांगितला. एकीनं नुसता वास घेतला आणि म्हणाली, बाईच्या खोलीचा येते. शेवटी थोडी पाकिटं उरली, आणि त्यांत माझं. माझं मी कधीही उघडू शकत होते. पण अट मोडवत नव्हती; खूण दाखवायला कोणीतरी समोर लागतं, आणि माझी पाहिलेली एकच बाई होती.

दिवाळीच्या सुट्टीत मी ऊर्जानगरला गेले. पुतण्याच्या बायकोनं चहा दिला. बाई आतल्या खोलीत खाटेवर बसल्या होत्या, खाकी शर्ट तोच, चष्म्याची सुतळी नवी.

"बाई, मी मास्तरीण."

"कोनती?"

आता आवाजावरून ओळखणंही गेलं होतं. मला इतकी भीती ऑपरेशनच्या दिवशीही वाटली नव्हती. ह्या बाईंनी ओळखलं नाही तर मी पुन्हा अपेंडिक्सवालीच राहणार होते. पुतण्या दारात उभा होता. त्यानं माझ्या हातातलं खाकी पाकीट पाहिलं, बायकोला बाहेर बोलावलं आणि दार ओढून घेतलं.

मी पाकीट बाईंच्या मांडीवर ठेवलं. पदर खाली घेतला, हुक काढले. बाईंनी चष्मा सावरला. मग गार तळहात त्या शिवणीवर ठेवला, काखेकडून खाली आणला. पाकीट त्यांनी उघडलं नाही. त्यांची नजर खिडकीकडं गेली, बाहेर लख्ख ऊन होतं.

"उजेड कमी होता त्या दिवशी," त्या म्हणाल्या. "थांबलो होतो आपन."

"हो," मी म्हटलं. "तासभर."

त्यांनी मान हलवली आणि पाकीट माझ्या हातात दिलं.